इंदूर स्टेशनवरच्या माणसांवर छोटी डॉक्युमेंटरी करतोय, नेमकं कुणाला धरू?

लोकमान्यनगरकर

नमस्कार मंडळी. मी इंदूरचाच, मास कम्युनिकेशनच्या शेवटच्या वर्षाला आहे आणि आम्ही तिघं मिळून आपल्या इंदूर जंक्शनवर एक छोटी डॉक्युमेंटरी करतोय, साधारण बारा-पंधरा मिनिटांची. विषय म्हटला तर एवढासाच, स्टेशनवरची माणसं. शूटिंगच्या परवानगीचा अर्ज अजून करायचाय, सध्या कॅमेरा न नेता नुसतं जाऊन बसतो, दहा रुपयांचं प्लॅटफॉर्म तिकीट काढायचं, ते चालतं दोन तास, तेवढ्यात बघायचं, कुणी बोललं तर बोलायचं आणि बाहेर येऊन वहीत लिहून काढायचं.

वही भरत चाललीय आणि अडचणही तीच आहे. पहाटे नागपूरची वंदे भारत पकडायला येणारी माणसं बघितली तर इस्त्रीचे कपडे, लॅपटॉपची बॅग, आणि त्याच वेळी बाहेर ठेल्यावर उकळत्या पाण्याच्या पातेल्यावर पोह्यांची परात चढवलेली असते, वाफेवर गरम राहतात ना ते, आणि तिच्याभोवती रात्रीच्या गाडीनं उतरलेली खेड्यातली पोरं, बगलेत गादीची गुंडाळी, एमपीपीएससीच्या, म्हणजे राज्य लोकसेवा परीक्षेच्या क्लाससाठी भंवरकुआ भागात खोली शोधायला आलेली. संध्याकाळी अवंतिकाच्या, म्हणजे मुंबईच्या गाडीच्या वेळेला तर अर्धं मराठी इंदूर प्लॅटफॉर्मवर दिसतं, मुंबईच्या लेकीसाठी शेवेची पाकिटं, लाडवांचा डबा, आणि खिडकीतून शेवटपर्यंत सूचना चालू. मग वेटिंग रूममध्ये रोज येऊन बसणाऱ्या एक आजी आहेत, झाडू मारणाऱ्या दोघी बहिणी आहेत, चहावाला आहे.

आणि एक कुली काका आहेत, साठीच्या आसपासचे, त्यांच्याशी चांगली ओळख झालीय. लाल शर्ट, दंडाला पितळी बिल्ला, तो आधी त्यांच्या वडिलांचा होता. गाडी यायच्या आधी ते खांद्यावरचा गमछा काढतात, हातावर पिळतात, दोन वेढे देऊन चुंबळ करतात आणि डोक्यावर ठेवून उभे राहतात. डबे समोरून जायला लागले की ओठांतल्या ओठांत मोजत असतात. बऱ्याचदा कुणी हाक मारत नाही, चाकांच्या बॅगा ओढत लोक निघून जातात. मग काका चुंबळ सोडतात, गमछा झटकतात आणि परत खांद्यावर टाकतात.

आमचे सर म्हणतात एक धागा पकडा. मित्र म्हणतो स्टेशन म्हणजे गर्दी, एकालाच धरलं तर स्टेशन कुठे राहिलं. तर विचारायचं होतं की एक माणूस घ्यावा का बरीच? मागे निवेदन हवं का? आणि प्लॅटफॉर्मवर जी लहान पोरं एकटी फिरताना दिसतात त्यांचं काय, दाखवायची की नाही? आणि आम्ही तिघंही मराठी आहोत तर त्यात आपल्या लोकांचं काही यायला हवं का, का ते ओढूनताणून होईल? जाणकारांनी सांगावं.

कट_टू_कट

मी एडिटिंग करतो, मूळचा रामबागचा, आता मुंबईत. तुझ्या पोस्टमध्ये बाकी सगळ्यांबद्दल तू लिहिलंयस ती माणसं कशी दिसतात, आणि एका माणसाबद्दल लिहिलंयस तो काय करतो. गमछ्याचा तो परिच्छेद परत वाच. त्यात सुरुवात आहे, मधे अपेक्षा आहे, आणि जे व्हायचं ते होत नाही, तेही कुणी न बोलता कळतं. ही तुझी फिल्म आहे, बाकीचं तिच्याभोवती येईल.

स्टेशनवरच्या फिल्मा माझ्याकडे कटिंगला येतात तेव्हा नव्वद टक्के वेळा काय असतं, तर चेहरा, चेहरा, चहाची किटली, चाकं, घड्याळ, परत चेहरा, खाली तबला किंवा पियानो. दोन मिनिटं छान वाटतं, मग बघणारा मोबाइल काढतो, कारण कुणाचंच काही पुढे सरकत नाहीये. कॅमेऱ्यानं कितीही सुंदर टिपलेलं असू दे, माणूस एक काम हातात घेतो आणि ते तडीला नेतो किंवा नेऊ शकत नाही हे दिसल्याशिवाय तो माणूस लक्षात राहत नाही. म्हणून माझं ठाम मत, मोजकी माणसं घ्या, आणि प्रत्येकाचं एक काम पहिल्यापासून शेवटपर्यंत दिसू द्या, मधे कापू नका. चुंबळ बांधण्यापासून ती सुटेपर्यंत एकच शॉट चालला तर चालू दे, दीड मिनिट लागलं तर लागू दे.

मुलाखत घ्याच, पण खुर्चीवर बसवून मागे इंजिन धूसर करून "आपको कैसा लगता है" नको. असं विचारलं की माणूस टीव्हीवर ऐकलेली उत्तरं देतो. त्यांना कामाचं विचारा. कुठल्या गाडीला सामान जास्त असतं, लग्नसराईत काय होतं, डोक्यावर कितीपर्यंत घेता, चुंबळ बांधायला कुणी शिकवलं, जिन्यावर आधी कुठला पाय. हातानं काम करणारा माणूस कामाबद्दल बोलायला लागला की मनातलं आपसूक येतं.

आणि थोडा अभ्यास करून जा. कुलींना रेल्वेचा पगार नसतो, लायसन्स असतं, बिल्ला असतो, दर ठरवून दिलेले असतात आणि कमाई त्या दिवशी जेवढं ओझं मिळेल तेवढी. २००८ च्या रेल्वे बजेटमध्ये लायसन्सवाल्या कुलींना गँगमनची, म्हणजे रुळांच्या देखभालीची पक्की नोकरी द्यायचं ठरलं आणि देशभरातले खूप जण तेव्हा गेले. मग काकांच्या बरोबरीचे कोण गेले, हे का राहिले, गेलेले आता भेटतात का? २०१६ मध्ये नाव बदलून 'सहायक' केलं, पण चाकांच्या बॅगा, सरकते जिने, बॅटरीची गाडी हे सगळं एकामागून एक आलं आणि बोजा कमी होत गेला. हे सगळं निवेदनात घालायची गरज नाही, पण तुला माहीत असेल तर तू प्रश्न नीट विचारशील.

निवेदन नको. स्टेशनला स्वतःची अनाउन्समेंट आहे, तीच वापर.

पुण्याची_इंदुरीण

मी जरा वेगळं म्हणणार आहे. माझं माहेर राजेंद्रनगर, लग्नानंतर पुण्यात, इंदूर-पुणे गाडीनं इतकी वर्षं ये-जा करतेय. कुलीकाकांचं छान आहेच, पण स्टेशन हे सोडायला आलेल्या माणसांचं असतं हे विसरू नका. ज्याला जायचंय तो चढला की त्याचं लक्ष बर्थ, चार्जिंग, चादर याच्यात जातं. मागे जे राहतात त्यांच्याकडे कुणीच बघत नाही. गाडी हलली की हात हलवणं चालतं, शेवटचा डबा गेला की माणसं एकदम निघत नाहीत हो, एक-दोन मिनिटं तशीच उभी असतात, मग कुणीतरी म्हणतं चला, आणि मग पार्किंगची पावती शोधणं सुरू होतं. माझे बाबा मला सोडायला येतात ना, ते गाडी लक्ष्मीबाईनगर सुटायच्या आत फोन करतात, नीट बसलीस ना, जसं काही पाच मिनिटांपूर्वी त्यांनीच बसवलं नव्हतं. याच्यावर कॅमेरा लावा.

आणि आपल्या लोकांचं यायला हवं का विचारलंत तर ओढायला कशाला हवं, ते आहेच तिथे. इंदूरच्या मराठी घरात महाराष्ट्रात कुणी नाही असं घर दाखवा मला. लग्नं, बारशी, दिवाळी, संक्रांतीचं वाण सगळं या गाड्यांवर चालतं, आणि ज्या बाजूला गाडी नाही तिकडे सेंधवा, बिजासन घाट, धुळे असं बसनं हाडं खिळखिळी करत जायचं. इंदूर-मनमाड लाइन होणार होणार हे मी फ्रॉकमध्ये असल्यापासून ऐकतेय, माझ्या आजोबांची पिढी ते ऐकत ऐकतच गेली. आता सप्टेंबर २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळानं मंजुरी दिलीय, ३०९ किलोमीटर, १८,०३६ कोटी रुपये, तीस नवीन स्टेशनं. अवंतिकाला सोडायला आलेल्या एखाद्या आजोबांना नुसतं विचारा मनमाड लाइनबद्दल, तुम्हाला दुसरा प्रश्न विचारावा लागणार नाही.

कट_टू_कट

ताई, मागे राहणाऱ्यांचं जे लिहिलंत ते एकदम पटलं. मग दोन्ही एकत्र का नको? एकच गाडी धरायची. संध्याकाळची अवंतिका घ्या. रिकामी गाडी प्लॅटफॉर्मला लागते तिथपासून ती सुटून प्लॅटफॉर्म मोकळा होईपर्यंत, एवढाच वेळ. काका त्यात आहेत, सोडायला आलेले त्यात आहेत, झाडूवाल्या बहिणी शेवटी येतातच. शूटिंग कितीही संध्याकाळी करा, पडद्यावर एकच संध्याकाळ दिसायला हवी, त्यामुळे काकांना रोज तोच शर्ट असतो ही सोय आहे, आजोबांना मात्र एकाच दिवशी पूर्ण करा. धागा विचारत होते ना सर, हा घे धागा, आणि मित्राची गर्दीही राहिली. पहाटेचे पोहे आणि एमपीपीएससीची पोरं यातून जातील, वाईट वाटेल, पण ती दुसरी फिल्म आहे, तीही करा पुढे.

सेवानिवृत्त_सीअँडडब्ल्यू

नमस्कार. मी कॅरेज अँड वॅगन विभागात, म्हणजे डब्यांच्या तपासणी-देखभालीला होतो, रतलाम मंडळात, आता निवृत्त. तुम्हा लोकांची चर्चा वाचून बरं वाटलं. गाडी लागल्यापासून सुटेपर्यंत असं जर ठरत असेल तर एक विनंती, त्या वेळात जी माणसं काम करतात आणि प्रवाशांना दिसत नाहीत ती पण बघा.

बाहेरून गाडी येते तेव्हा प्लॅटफॉर्मच्या टोकाला, रुळांच्या दोन्ही बाजूला आमचा एकेक माणूस उकिडवा बसलेला असतो. तो नुसता बसलेला नसतो. याला आम्ही रोलिंग-इन म्हणतो. गाडी हळू होत समोरून जाते आणि तो चाकं बघतो, स्प्रिंग बघतो, काही लोंबतंय का, कुठे ब्रेक चिकटून धूर येतोय का, आणि कानानं ऐकतो. चाकाला चपटेपणा आला असेल तर ठक् ठक् ठक् असा एका लयीत आवाज येतो, सवय असलेल्याला डबा पुढे जायच्या आत कळतं. रात्री हातात टॉर्च. प्रवासी दारात उभे राहून त्याच्याकडे बघतात आणि त्यांना वाटतं कुणी असाच बसलाय. तुमचे काका डबे मोजतात आणि हा चाकं ऐकतो, एकाच वेळी, वीस पावलांवर. मला तरी हे दोघं एका चित्रात बघायला आवडेल.

गाडी सुटायच्या आधी पाणी भरणं, ब्रेकची तपासणी, मग ब्रेक पॉवर सर्टिफिकेटवर सह्या, आमच्या माणसाची, लोको पायलटची आणि गार्डची, ज्यांना २०२२ पासून ट्रेन मॅनेजर म्हणतात. तो कागद झाल्याशिवाय गाडी हलत नाही. हजार-दीड हजार माणसं ज्या कागदावर जातात तो एका मांडीवर ठेवून सही होतो.

परवानगीबद्दल. इंदूर पश्चिम रेल्वेत येतं, मंडळ रतलाम, मुख्यालय चर्चगेट. शूटिंगची परवानगी झोनच्या मुख्य जनसंपर्क अधिकाऱ्यांकडून, म्हणजे सीपीआरओकडून मिळते. फिल्मचा गोषवारा, तारखा, वेळ, कुठला प्लॅटफॉर्म, किती माणसं, काय सामान हे सगळं स्पष्ट लिहा, कॉलेजचं पत्र जोडा. जेवढं नेमकं लिहाल तेवढं बरं, "स्टेशन परिसर" असं मोघम नको. ड्रोनचं नावही काढू नका. प्लॅटफॉर्म तिकिटावर मोठा कॅमेरा आणि ट्रायपॉड चालत नाही हे तुम्हाला ठाऊक असेलच.

आणि एक गोष्ट हात जोडून सांगतो. वरच्या तारेत २५,००० व्होल्ट असतात. तिला हात लावावा लागत नाही, जवळ गेलं तरी झेप घेते. माइकचा लांब दांडा, सेल्फी स्टिक, छत्री, काहीही वर उचलू नका, पादचारी पुलावरून खाली काही लोंबकळत सोडू नका. पिवळ्या पट्टीच्या आत कॅमेरामन मागे सरकत सरकत चालतो तेव्हा एकानं त्याचा खांदा धरून ठेवायचा, तिसऱ्याला दुसरं काही काम देऊ नका. मी जे बघितलंय ते इथे लिहिणार नाही.

लोकमान्यनगरकर

बापरे, इतकं मिळेल असं वाटलं नव्हतं, सगळ्यांचे मनापासून आभार. काका, दांड्याचं वाचून आम्ही तिघांनी आत्ताच ठरवलं, बूम न्यायचाच नाही. रोलिंग-इनवाल्यांना मी रोज बघतोय आणि वहीत एक ओळ नाही त्यांच्यावर, उद्या आधी तेच.

आज कुली काकांना नीट सांगितलं की फिल्म तुमच्यावर करायचं मनात आहे. ते हो म्हणाले पण एक अट घातली, रिकामं बसलेलं दाखवू नका, गावाकडे नातवंडं बघतील. आता पंचाईत अशी की ज्या गमछ्यावरून हे सगळं सुरू झालं त्यात हाक न येणं हेच तर आहे. काय करावं?

आणि बूम नाही म्हटल्यावर आवाजाचं कसं? आमच्याकडे एक छोटा रेकॉर्डर आणि एक कॉलर माइक एवढंच आहे.

आवाज_आधी

आवाजाचं मी सांगतो, नाटकांना साउंड करतो आणि मधेमधे डॉक्युमेंटरीला. जेवढं आहे तेवढं पुरेसं आहे, फक्त वापर नीट करा.

कॉलर माइक काकांना लावाल तर कॉलरला लावू नका. गमछा खांद्यावर येणार-जाणार, प्रत्येक वेळेला माइकवर घासणार आणि नेमका तुमचा महत्त्वाचा शॉट खरखरीत जाईल. शर्टाच्या आतून छातीच्या मधोमध, बटणांच्या पट्टीखाली, मेडिकल टेपनं चिकटवा आणि वायरला एक छोटा फास ठेवा म्हणजे हात वर केले की ओढ बसणार नाही, आणि ते हात वर करणारच, सामान डोक्यावर घेताना. लावल्यावर त्यांना एकदा चुंबळ बांधायला सांगा आणि हेडफोननं ऐका, मगच सुरू करा. रेकॉर्डिंगची लेव्हल ऑटोवर ठेवली तर हॉर्न वाजला की बाकी सगळं दबून जाईल आणि परत वर यायला वेळ लागेल, हातानं सेट करा, जरा खालीच ठेवा.

रेकॉर्डर वेगळा फिरवा, कॅमेऱ्याशी त्याचा संबंध नको. प्लॅटफॉर्मच्या मध्यावर, टोकाला जिथे ते चाकं ऐकणारे बसतात, जिन्याखाली, पाण्याच्या नळाशी, प्रत्येक ठिकाणी हलायचं नाही, बोलायचं नाही, नुसतं चालू ठेवून उभं राहायचं, दोन-तीन मिनिटं तरी. एडिटवर बसलात की हा आवाजच दोन शॉट जोडतो. गाडी गेल्यानंतरचा आवाज तर वेगळा हवाच, आधी सगळं भरलेलं असतं म्हणून लक्षात येत नाही, मग पंखे ऐकू येतात, कुणाच्या तरी चपला ऐकू येतात. अनाउन्समेंट सुरुवातीपासून शेवटपर्यंत पूर्ण घ्या, मधून कापलेली कामाला येत नाही. मागे कुणाच्या मोबाइलवर किंवा स्टॉलवर सिनेमाचं गाणं वाजत असेल तर थांबा, नंतर हक्कांची कटकट होते.

अजून एक, आवाजाचं नाही पण सांगून टाकतो. संध्याकाळ झाली की ट्यूब आणि एलईडीखाली चित्रात पट्टे फिरताना दिसतात, आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची म्हणून. २५ फ्रेमला शटर १/५० ठेवा, बहुतेक ठिकाणी निभावतं, तरी एकदा अंधार पडल्यावर जाऊन फोनवर टेस्ट करून घ्या.

लेकरांसाठी

मी मुलांसोबत काम करते, स्टेशनवर बरीच वर्षं जाणं-येणं आहे. मुलांच्या प्रश्नाला कुणी हात लावला नाही म्हणून लिहितेय.

दाखवू नका. एकटं फिरणारं मूल म्हणजे कायद्याच्या भाषेत काळजी आणि संरक्षणाची गरज असलेलं मूल, आणि २०१५ च्या जुवेनाइल जस्टिस अॅक्टच्या कलम ७४ प्रमाणे त्याचं नाव, पत्ता, शाळा, फोटो, ओळख पटेल असं काहीही छापायला किंवा दाखवायला मनाई आहे. सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. चेहरा धूसर केला म्हणजे झालं असं नसतं, अंगातला शर्ट, आवाज, पायाची पट्टी, घरचा माणूस एवढ्यावरून ओळखतो, आणि ज्याच्यापासून ते पळून आलंय तोही ओळखतो. कायदा बाजूला ठेवला तरी, आज जे पोर वैतागून घरातून निघालंय ते उद्या परत जाऊन शाळेत बसेल, आणि तुमची फिल्म इंटरनेटवर तशीच राहील.

शॉटसाठी पैसे, बिस्किटं देणं तर नकोच. एकटं मूल दिसलं तर १०९८ ला फोन करा किंवा ड्यूटीवरच्या आरपीएफला, म्हणजे रेल्वे सुरक्षा दलाच्या माणसाला सांगा, आणि कुणी येईपर्यंत जवळपास थांबा, गराडा न घालता. स्टेशनवर पहिले काही तास फार महत्त्वाचे असतात, तेवढ्यात चांगला माणूस भेटला तर भेटला. तुम्ही तिघं रोज तिथे बसताय, तर फिल्मच्या बाहेर हे एवढं काम तुमच्याकडून व्हावं असं मनापासून वाटतं.

वेटिंग रूममधल्या आजींचंही असंच आहे. त्या रोज का येतात हे माहीत नसताना त्यांना चित्रात घेऊ नका. आधी ओळख करा, एखाद्या दिवशी नुसतं बसा त्यांच्याजवळ. त्यांना यायचं नसेल तर तो विषय तिथेच संपला.

कुली काकांच्या अटीबद्दल माझं मत, ती पाळायचीच. गावाकडे त्यांची जी पत आहे ती तुमच्या बारा मिनिटांपेक्षा मोठी आहे.

जुनी_मीटरगेज

वडीलधारा म्हणून थोडं जुनं सांगतो, फिल्ममध्ये घालायला नव्हे, काकांशी बोलताना उपयोगी पडेल म्हणून. आपल्याकडे रेल्वे आली ती होळकरांमुळे. दुसऱ्या तुकोजीराव महाराजांनी इंग्रज सरकारला एक कोटी रुपये कर्ज दिलं, साडेचार टक्क्यांनी, १०१ वर्षांच्या मुदतीनं, आणि त्यातून खंडव्याहून इंदूरला मीटरगेज, म्हणजे लहान रुळांची लाइन आली, होळकर स्टेट रेल्वे म्हणायचे. पुढे हीच लाइन खाली अकोला, पूर्णेपर्यंत जोडली गेली, म्हणजे इंदूरच्या वऱ्हाडी घरांचं माहेर-सासर एका रुळावर.

आता मुद्दा बघा. खंडव्याला मीटरगेजमधून उतरून मुंबईकडे जायला मोठ्या लाइनची गाडी पकडावी लागायची. म्हणजे पेटी, वळकटी, पिंप, सगळं सामान या गाडीतून त्या गाडीत. गेज बदलायचं तिथे कुलीशिवाय पान हलत नसे. काकांच्या वडिलांचा बिल्ला त्या जमान्यातला असेल तर त्यांच्या घरात या गोष्टी नक्की सांगितल्या गेल्या असतील. विचारा, वडील कुठल्या लाइनच्या प्लॅटफॉर्मवर होते, गेज बदललं तेव्हा घरात काय बोलणं झालं. महूच्या पुढची उरलेली मीटरगेजही २०२३ च्या सुरुवातीला बंद झाली, आता पातालपानी ते कालाकुंड एवढीच हेरिटेज गाडी राहिलीय, २०१८ च्या डिसेंबरात सुरू झालेली. घाट चढताना मागून दुसरं इंजिन लावायचे, आणि ते लागेपर्यंत कालाकुंडला पानाच्या द्रोणात कलाकंद विकायला यायचे, त्याची चव काय सांगू. त्यावरही एक फिल्म होईल, पण ते असो.

कट_टू_कट

अटीबद्दल. अट पाळायचीच, त्यात दुमत नाही. पण त्यांनी नेमकं काय सांगितलं ते बघ, रिकामं बसलेलं नको. चुंबळ डोक्यावर ठेवून, पाठ सरळ करून, डबे मोजत उभा असलेला माणूस रिकामा नाही आणि बसलेलाही नाही, तो कामावर आहे. माझ्या मते ते दाखवायला त्यांची हरकत नसेल, पण हे मी किंवा तू ठरवायचं नाही. शूट करा, त्याच दिवशी लॅपटॉपवर त्यांना दाखवा, नको म्हणाले तर त्यांच्यासमोर डिलीट करा.

आणि फिल्ममध्ये ओझं उचललेलं यायलाच हवं, पूर्ण, तितक्याच वेळेचं. नाहीतर सगळी फिल्म हाक न आल्याची होईल आणि तेही खोटंच की, चाळीस वर्षं माणूस त्याच्यावर घर चालवतोय. एखादं मोठं बिऱ्हाड येऊ दे, तीन पेट्या, एक डोक्यावर दोन हातात, पुलाचा जिना, डबा, बर्थखाली सामान सरकवणं, पैसे घेणं. ते आधी, आणि हाक न आलेली वेळ नंतर. हा क्रम उलटा करू नकोस.

लोकमान्यनगरकर

ठरलं मग. अवंतिका, काका, रोलिंग-इनवाले, आणि सोडायला आलेलं एक कुटुंब, त्यासाठी पुण्याच्या ताईंनी व्यनि (खासगी निरोप) केलाय, पुढच्या महिन्यात त्या येतायत तेव्हा परत जाताना त्यांचे बाबा तयार आहेत, गाडी पुण्याची असेल तर अवंतिकाऐवजी तीच धरू. मुलं नाहीत. आजींना अजून काही विचारलेलं नाही, नुसतं नमस्कार-चमत्कार चालू केलेत.

जुन्या मीटरगेजवाल्या आजोबांचा प्रश्न काकांना आजच विचारला. वडील आधी खंडव्यालाच होते म्हणाले, आणि मग बराच वेळ बोलत राहिले, मधे एक गाडी येऊन गेली तरी उठले नाहीत. रेकॉर्डर नव्हता जवळ, पण परत सांगीन म्हणालेत.

सेवानिवृत्त काका, सीपीआरओंच्या अर्जाचा मसुदा इथेच टाकला तर बघाल का एकदा?

सेवानिवृत्त_सीअँडडब्ल्यू

टाका, बघतो. इंदूर-पुणे घेणार असाल तर गाडीचा नंबर आणि ती नेहमी कुठल्या प्लॅटफॉर्मला लागते ते आधी चौकशीच्या खिडकीवर विचारून घ्या, आणि अर्जात शेजारचा प्लॅटफॉर्मही लिहून ठेवा, ऐनवेळी बदलतो.